बुटावरची माती

माझ्या भावजयीने आयुष्यभर दुसऱ्यांच्या खोल्या लावल्या. सिनेमासाठी. कधी मेंढपाळाचं स्वयंपाकघर, कधी बँक मॅनेजरची बैठक, कधी नवरा लढाईवर गेलेल्या बाईची निजायची खोली. तिचं काम चांगलं झालं की ते कुणाच्या नजरेतच यायचं नाही, लोक नट-नट्यांकडे बघत बसायचे. पण एक खोली तिने अशी लावली, जी कुठल्याच सिनेमात नाही. मी सांगतेय ती त्या खोलीची गोष्ट. बाकीचं, बक्षिसं वगैरे, पेपरात छापून आलंय. ज्याला हवं त्याने ते वाचावं.

तिचं नाव ग्लेनिस ट्रेझीस. मर्व्ह हा माझा थोरला भाऊ, त्याची ती बायको. मी डल्सी. तिच्या सामानाचा ट्रक वर्षानुवर्षं मी चालवला, त्यामुळे तिला मर्व्हपेक्षा मीच जास्त ओळखते असं मला वाटायचं. ते काही खरं नव्हतं.

आमचं गाव अ‍ॅडलेड शहराच्या पुष्कळ वर, उत्तरेला, जिथे गव्हाची शेतं संपतात आणि नुसतं खुरटं रान सुरू होतं तिथे. रेल्वे गेली आणि गाव मागे राहिलं. माती इतकी लाल की सकाळी वाळत घातलेली पांढरी चादर संध्याकाळी गुलाबी होऊन घरात येते. रुंद रस्ते, बंद दुकानं, कुणी न पाडलेल्या जुन्या इमारती. सिनेमावाल्यांना हे आयतंच सापडलं. पहिली मंडळी आली तेव्हा ग्लेनिस कापडाच्या दुकानात काचेमागचे पुतळे सजवायची. त्यांना जुन्या काळातलं स्वयंपाकघर हवं होतं. ग्लेनिसने आमच्या आईचं अख्खं स्वयंपाकघर ढकलगाडीवर घालून नेलं, आणि काही फुटू नये म्हणून तिथेच ठाण मांडून बसली. बसल्या बसल्या हे इथे नको, ते तिथे ठेवा, असं सुरू झालं. ती मंडळी पुढच्या गावाला गेली तेव्हा ग्लेनिसला बरोबर घेऊन गेली. मर्व्ह रेल्वेच्या कारखान्यात सुतार होता. कारखाना बंद पडल्यावर तोही तिच्या मागोमाग गेला. मर्व्ह भिंती उभ्या करायचा, आणि ग्लेनिस त्यांत माणसं राहायला आणायची.

खरी माणसं नव्हेत, पण तिथे कुणीतरी राहतं असं वाटायला लावणं, हेच तिचं काम. ती म्हणायची, नीटनेटकी खोली कुणाचीच वाटत नाही. म्हणून ती खुर्चीवर स्वेटर अर्धवट लोंबता टाकायची, कपात चहाचा तळ ठेवायची, आणि दाराजवळच्या बुटांपैकी एक हमखास आडवा पाडायची. आडवा बूट दिसला की कामगार म्हणायचे, ग्लेनिस इथून गेली वाटतं. नवी वस्तू जुनी दिसावी म्हणून तिच्याकडे मुलतानी मातीचा मोठा डबा असे. ती माती फिकट, सायीच्या रंगाची. आमच्याकडच्या गोष्टीत ती शोभायची नाही, म्हणून मर्व्ह जुनी वीट कुटून तिला लाल भुकटी करून द्यायचा. ती त्यात कालवली की आमच्या गावची धूळ तयार. आमची आई तिला टोमणा मारायची, "स्वतःच्या घरात कधी केर काढला नाहीस, आणि परक्याच्या घरात केर टाकायचे पैसे घेतेस?" ग्लेनिस खो खो हसायची. तेव्हा ती फार हसायची.

त्यांना एकच मुलगा, लाइल. आईबाप सिनेमाबरोबर फिरतीवर, म्हणून तो वाढला आमच्या आईजवळ. आई लढाईत लष्करी इस्पितळात नर्स होती. तिने त्याला चालायच्या आधी ब्लँकेटची घडी घालायला शिकवलं असेल, असं आम्ही म्हणायचो. पोरगा शांत होता. मोठा झाल्यावर मेंढ्यांची लोकर कातरणाऱ्या टोळीबरोबर फिरायला लागला. एका उन्हाळ्यात, आईबापही घरी होते तेव्हा, हंगाम संपवून आला तो फारच गप्प होऊन आला. जेवायला बसायचा, ताटातलं मटण इकडचं तिकडे करायचा आणि उठून जायचा. ग्लेनिसला वाटलं, पोरीबिरीचं काहीतरी असेल. मर्व्हला वाटलं, कातरणीच्या कामाने कंबर धरली असेल. मला काय वाटलं ते मला आठवतही नाही. त्या काळी आमच्याकडे अशा दुखण्याला नावच नव्हतं. 'गप्प आहे' एवढंच आम्ही म्हणायचो.

जानेवारी महिना, म्हणजे आमच्याकडे ऐन उन्हाळा, उन्हाने पत्रे तडतडत होते. सकाळी ग्लेनिस उठली तर लाइलची पिकअप गाडी अंगणात नव्हती. तिने त्याच्या खोलीचं दार उघडलं. पुढचं तिने मला फार उशिरा सांगितलं, पण मी ते इथेच सांगून टाकते. ताणून धरायला ही काही रहस्यकथा नाही.

पलंगावर नुसती गादी होती. ब्लँकेटं घडी करून पायथ्याशी ठेवलेली, वर उशी. टेबल रिकामं, पुसलेलं. कपडे कपाटात. भिंतीला टेकून कामाचे बूट, एकमेकांना चिकटून, पॉलिश केलेले. कातरणीच्या बुटांना कोण पॉलिश करतं?

दुसरी कुठलीही आई किंचाळली असती, किंवा मटकन खाली बसली असती. ग्लेनिस उभी राहून बघत राहिली, आणि तिच्या मनात आलं, ही खोली कुणाचीच वाटत नाही. मग तिचे हात चालायला लागले. तिने ब्लँकेटं उलगडली, चादर चुरगळली, उशीवर मूठ मारून डोक्याचा खळगा केला. स्वेटर काढून खुर्चीवर लोंबत ठेवला. स्वयंपाकघरातून आपल्याच चहाचा अर्धा कप आणून टेबलावर ठेवला. मग डब्यातली मुलतानी माती चिमटीत घेऊन बुटांवर घासली, आणि एक बूट आडवा पाडला. आपण काय करतोय हे तिला कळत नव्हतं, असं ती म्हणाली. माझा त्यावर विश्वास आहे. स्वयंपाकीण दुःखातही कांदा चिरते. खोली झाली तेव्हा तिला एकदम बरं वाटलं. तो आत्ता इतक्यात येईल, असं वाटायला लागलं.

दुपारपर्यंत आला नाही, तेव्हा मर्व्हने पोलीस सार्जंट हॅनाफर्डला बोलावलं. हॅनाफर्ड मर्व्हबरोबर क्रिकेट खेळणारा, घरचाच माणूस. तो खोलीच्या दारात उभा राहिला, शेजारी मर्व्ह, मागे ग्लेनिस आणि मी. त्याने पलंग पाहिला, स्वेटर पाहिला, कपात डोकावला.

"अगं, चहासुद्धा संपवला नाही पोराने," तो म्हणाला. "निघून जायचं असतं तर असा पसारा टाकून गेला असता? बंदराकडे गेला असेल मासे मारायला. येईल भूक लागली की."

ग्लेनिसने तोंड उघडलं आणि मिटलं. हॅनाफर्डने टोपी घातली आणि गेला.

शोध सुरू झाला तो फार उशिरा. खाऱ्या सरोवराच्या पलीकडे, जिथे कुणाचं काही काम नसतं अशा वाटेवर, कुंपणं तपासणाऱ्या एका माणसाला पिकअप दिसली. पेट्रोल संपलेलं. लाइल थोडा पुढे, एका झाडाखाली होता. आमच्याकडे रानात जाणारा माणूस गाडीच्या पुढच्या दांडीला पाण्याची कॅनव्हासची पिशवी लटकवल्याशिवाय निघत नाही. लाइलची पिशवी घरी, ओसरीच्या खिळ्याला तशीच होती. डॉक्टरने मर्व्हला बाजूला घेऊन सांगितलं की पोरगा पहिल्या दिवशी गेला नव्हता. पहिल्याच दिवशी शोधाचं विमान उडालं असतं तर, असं त्याने म्हटलं नाही. म्हणायची गरजही नव्हती.

मर्व्हने आपल्यापुरतं ठरवून टाकलं की हा अपघात. पोरगा विसरभोळा, पिशवी विसरला, वाट चुकला. गावात कुजबुज झाली तेव्हा दारूच्या गुत्त्यात उभं राहून त्याने सगळ्यांना ऐकवलं, "जीव द्यायला निघालेला माणूस चहा अर्धा टाकून जात नाही." पाद्र्यानेही दफनाच्या वेळी त्या कपाचा उल्लेख केला. सगळ्या गावाने तो कप धरून ठेवला, आणि ग्लेनिस पहिल्या बाकावर खाली मान घालून बसली होती.

सेटवर एक रिवाज असतो. चित्रीकरण अर्धवट राहिलं की दाराला पाटी लावतात, 'हात लावू नये', मग कुणी खुर्चीसुद्धा सरकवत नाही. मर्व्हने तसली एक पाटी आणून लाइलच्या खोलीला लावली. वरून ग्लेनिसला म्हणाला, "तुला जमतं हे. जसं आहे तसं ठेव." आणि तिने ठेवलं. ब्लँकेटला कसर लागली की तसंच जुनं ब्लँकेट शोधून आणायची आणि त्याच चुण्या पाडायची. दर जानेवारीत मर्व्ह दारात उभा राहायचा आणि म्हणायचा, "कपातला डाग फिका पडलाय गं, बघ जरा." मग ती चहात थोडा डिंक घालून डाग पुन्हा भरायची. बुटांना मात्र तिने पुन्हा हात लावला नाही. तिकडे बघायचीसुद्धा नाही.

काम सोडलं नाही तिने. उलट तिथून पुढे ती मोठी झाली. अ‍ॅडलेडच्या स्टुडिओत गेली, कलादिग्दर्शक झाली, हाताखाली माणसं आली. तिच्या खोल्या मात्र बदलल्या. कुठे पसारा नाही, आडवा बूट तर नाहीच. भिंत, पलंग, एखादी खुर्ची. लोकांनी त्याला तिची शैली म्हटलं. एका विधवेच्या खोलीबद्दल तिला मोठं बक्षीस मिळालं, आणि एका शहाण्याने लिहिलं की रिकामेपण बोलकं कसं करावं ते या बाईकडून शिकावं. मी तो पेपर चुलीत घातला. कुणी दिग्दर्शक म्हणालाच की जरा कुणी राहतंय असं वाटू दे, तर ती शांतपणे सांगायची, ते दुसऱ्या कुणाकडून करून घ्या.

दुष्काळाच्या वर्षांत शेतं मोडणाऱ्यांचे लिलाव फार. घरातलं सगळं बाहेर काढून मोकळ्या रानात रांगा लावतात, नांगरापासून चमच्यापर्यंत, आणि लिलाववाला रांगेरांगेने चालत जातो. आम्ही सामान घ्यायला जायचो. एकदा अशा रांगेत एक पलंग होता, गादीवर घडी केलेली ब्लँकेटं, वर उशी. ग्लेनिस तिथे थबकली ती हलेचना. मी तिला धरून ट्रकमध्ये बसवलं, आणि परतीच्या वाटेवर तिने मला सगळं सांगितलं. मी गाडी कडेला घेतली.

शेवटी ती म्हणाली की मर्व्हला सांगायलाच हवं.

मी ताडकन म्हटलं, "वेडी आहेस? इतकी वर्षं तोंड दाबून बुक्क्यांचा मार खाल्लास, आता त्याला कशाला मारतेस? त्या कपावर जगतोय तो."

"तेच तर," ती म्हणाली. "ज्याच्यासाठी तो रडतो ना डल्सी, तो पोरगा मी बनवलाय. खरा कसा गेला ते त्याला ठाऊकच नाही. आपल्या पोराला न ओळखताच मरेल तो."

तिचं खरं होतं, आणि माझंही खोटं नव्हतं. एकाचा आधार काढून घ्यायचा की दुसरीने ओझं घेऊन मरायचं, एवढंच उरलं होतं. पुढे कितीतरी वर्षं मी जेव्हा जेव्हा त्यांच्या घरी जेवायला गेले तेव्हा तेव्हा तिच्या तोंडाकडे बघायचे, आज सांगते की काय म्हणून. ती भाजी वाढायची, मर्व्ह मीठ मागायचा, मी मूग गिळून बसायचे.

मग मर्व्हची फुप्फुसं गेली. जन्मभर भिंतींसाठी सिमेंटचे पत्रे कापले होते, त्यांची धूळ आत बसली होती. डॉक्टरने इस्पितळातून घरी पाठवला, म्हणजे काय ते आम्ही समजलो. पुढच्या खोलीत पलंग, शेजारी प्राणवायूची नळकांडी. एका दुपारी मी खिडकीशी बसून वाटाणे सोलत होते. ग्लेनिसने त्याला मटण-बटाटा भरलेल्या पेस्टीचे दोन घास भरवले, तोंड पुसलं, आणि खुर्ची पुढे ओढली. तिच्या बसण्यावरूनच मला कळलं. मी उठायला लागले तर तिने हातानेच मला थांबवलं.

"मर्व्ह, लाइलच्या खोलीचं तुला एक सांगायचं राहिलंय," ती म्हणाली.

तो छताकडे बघत होता. दम लागल्यामुळे तो थोडं थोडं बोलायचा.

"वीट कालवायची विसरलीस तू," तो म्हणाला.

ग्लेनिसला काही कळेना. मलाही कळेना.

"बुटावर. फिकट माती होती, ग्लेन. आपल्या गावात कुठेय फिकट माती?" तो थांबला, श्वास घेतला. "आदल्या संध्याकाळी मागच्या पायरीवर बसून पॉलिश करत होता. मी चेष्टा केली त्याची. म्हटलं, कुठे नाचायला चाललास काय?"

माझ्या मांडीवरचे वाटाणे खाली सांडले. ते वेचायला कुणी वाकलं नाही.

"तू तर हॅनाफर्डच्या शेजारी उभा होतास," ग्लेनिस म्हणाली. तिचा आवाज अगदी साधा होता. "मग बोलला का नाहीस?"

मर्व्हने मान वळवून तिच्याकडे पाहिलं. त्याच्या डोळ्यांतून पाणी कानाकडे ओघळत होतं.

"तू इतकं छान लावलं होतंस गं. मलाही वाटलं, येईल."

मला त्या दोघांचा असा संताप आला की काय सांगू. इतकी वर्षं हा तिच्यासाठी डाग फिका पडला म्हणतो, आणि ती याच्यासाठी डाग भरते. दोघांनाही ठाऊक, आणि मधल्या दारावर पाटी. आणि त्या पहिल्या दुपारी दोघांपैकी एकाने, फक्त एकाने, तोंड उघडलं असतं तर? मी हे बोलणार होते. पण ग्लेनिस उठून पलंगावर त्याच्या शेजारी आडवी झाली, चपलांसकट, आणि त्याने प्राणवायूची नळी बाजूला करून तिला जागा दिली. मी बाहेर ओसरीत जाऊन बसले. पाण्याच्या पिशवीचा खिळा अजून तिथे होता. मी तिथे मोठ्याने रडले. कुणासाठी, ते आता सांगता येणार नाही.

त्यानंतर मर्व्ह फार दिवस राहिला नाही. जे थोडे दिवस मिळाले त्यांत ती दोघं लाइलबद्दल बोलायची. खऱ्या लाइलबद्दल. तो जेवताना कसा बसायचा, कधीपासून गप्प झाला, कुणाच्या काय काय नजरेतून सुटलं. ऐकवायचं नाही. पण ती बोलायची.

मर्व्हला पोराशेजारी ठेवून आम्ही परत आलो. गावातल्या बाया केक आणि सँडविचची ताटं ठेवून गेल्या. सगळे गेल्यावर ग्लेनिसने दारावरची पाटी काढली आणि मला म्हणाली, इथेच थांब. दार लोटून घेतलं. आत कपाटाचं दार वाजलं, कपाची किणकिण ऐकू आली, मग ब्रश घासल्याचा आवाज, बराच वेळ. मला वाटलं, आता बाईला काहीतरी होणार. मी दार ढकलणार इतक्यात तिनेच ते उघडलं.

टेबल रिकामं होतं. खुर्ची आत सारलेली. बूट भिंतीशी, एकमेकांना चिकटून, काळेभोर चकचकीत. गादीवर पायथ्याशी ब्लँकेटांची घडी, वर उशी.

"असं होतं," ती म्हणाली.

मी जवळ जाऊन पाहिलं. घडी चारपदरी होती, कडा आत मुडपलेल्या, उघडी बाजू भिंतीकडे. आमच्या आईची घडी, तिने लाइलला शिकवलेली. आमच्या घरात ती बाकी कुणालाच जमली नाही, मला नाही, मर्व्हला नाही. ग्लेनिसने ती त्या एकाच सकाळी पाहिली होती, उलगडताना.